पॉइंट जमा व्हायचा दिवस

रॉबिनव्हेल, ६ जुलै २००४

माझी पिसिला,

तुझं पत्र आलं तर माझी लेक वाइसिमा ते मोठ्याने वाचायला लागली. मी हिसकावूनच घेतलं. म्हटलं, चौथीपर्यंत शिकले आहे, माझ्या बहिणीचं अक्षर मला लागतं. आणि लागलं बरं का! फक्त नर्स तुझ्या पोटाला काय म्हणाली तो एक शब्द अडला, तो नात लोसालिनेने वाचला. गाठ. बाई गं! आणि हे तू लिहितेस सगळ्यात शेवटी, कोंबड्यांच्या पिल्लांनंतर. नऊ पिल्लं आधी, पोटातली गाठ नंतर. तुझी सवय काही गेली नाही.

तर ऐक. मी येते आहे. सव्वीस वर्षांनी येते आहे, आणि फुकट येते आहे. थांब, सगळं सांगते.

लेकीच्या खात्यावर माझ्या नावाचं एक कार्ड आहे, क्रेडिट कार्ड. दुकानात पैसे द्यायच्या जागी ते ओढायचं. बँक महिन्याने मागते, तेव्हा जावई भरतो. इथवर काही विशेष नाही. पण पिसे, वर बक्षीस देतात! एका डॉलरला एक पॉइंट. पॉइंट म्हणजे काय म्हणशील, तर काहीच नाही, नुसता आकडा. पण आकडा मोठा झाला की त्याचं विमान होतं. तीस हजार झाले की सिडनीहून टोंगा, जाऊन येऊन.

तीन वर्षं मी ह्या कामाला लागले आहे. आमच्या गल्लीत कुणी पीठ आणायला निघालं की मी आपली दारात. ‘थांब, मी ओढते, तू मला रोख दे.’ दुकानातली मुलगी मला बघून हसते. हसू दे मेलीला. अठ्ठावीस हजार सहाशे झालेत!

इथे थंडी मरणाची. सकाळी द्राक्षाच्या वेलींवर दहिवर असतं आणि छाटणीची कात्री हाताला चिकटते. माझी बोटं आता मिटत नाहीत नीट, पण कार्ड धरता येतं.

एक लिहायचं आहे. आईच्या वेळी मी आले नाही. अठ्ठ्याऐंशी साली तिकिटाला पैसे नव्हते आणि कुणाकडे मागायला तोंड नव्हतं. तू त्यावर मला कधी एक अक्षर लिहिलं नाहीस, तेच मला जास्त टोचतं. ह्या वेळी तसं नाही. कुणापुढे हात पसरायचा नाही, कुणाचं मिंधं व्हायचं नाही. फोन नको करूस, पाद्रींच्या घरी फोनवर बोललं की अख्खं बेट कान लावून बसतं. लिही.

तुझी सेलुवाया

~

हानो बेट, टोंगा, २९ जुलै

सेलूताई,

पॉइंट म्हणजे काय ते मला कळलं नाही. पाद्रींना विचारलं, त्यांनाही कळलं नाही. ते म्हणाले, ‘बँक कुणाला फुकट काही देत नाही.’ मी म्हटलं, ‘तुम्ही तरी कुठे देता?’ त्यांची बायको इतकी हसली की उठून बाहेर गेली.

गाठीचं म्हणशील तर बोटीने पांगाईच्या दवाखान्यात जाऊन आले. डॉक्टर पोरगेलासा आहे. दाबून बघितलं, मग राजधानीला जाऊन आतला फोटो काढा म्हणाला. काढीन. घाई कसली आहे. बोटीचे धक्के पोटाला सोसत नाहीत, एवढंच. पिल्लांपैकी दोन घारीने नेली.

आईच्या वेळचं तू काढलंस म्हणून लिहिते. मी रागावले होते. थोडीथोडकी नाही, सहा वर्षं. मग एक दिवस राग शोधला तर सापडेना. पण ताई, ह्या वेळी ये. समोर बसून सांगायची एक गोष्ट आहे, ती कागदावर मावत नाही. ऑक्टोबरात ये, तेव्हा समुद्र बरा असतो.

माझी लेक कालोलाइने म्हणते, मोठ्या आईला, म्हणजे तुला, सांग, येताना उंच टाचांच्या चपला आण. वाळूत काय घालून चालणार ते तिचं तिला माहीत.

पिसिला

~

रॉबिनव्हेल, २३ ऑगस्ट

पिसे गं,

आधी चांगलं सांगते. ह्या सतरा तारखेला बँकेचा महिन्याचा कागद आला, आणि पॉइंट तीस हजार अडीचशे! मी कागद उशीखाली ठेवून झोपले. जावई म्हणाला, ‘सासूबाई, उबवताय काय?’

आता दुसरं सांगते, चिडू नकोस. अठराला लावेंगा आली. ती माझ्याबरोबर गाजराच्या शेडमध्ये कामाला असायची, आपल्याकडच्या वावाउ बेटांवरची. तिचा सासरा तिकडे वारला. नवरा मधुमेहाने अंथरुणाला खिळलेला, आणि घरातलं कुणी गेलं नाही तर तोंड दाखवायला जागा नाही. थोरल्या मुलाला पाठवायचं, चार दिवसांत. चटईवर बसली, माझ्याकडे न बघता म्हणाली,

‘सेलुवाया मावशी, तुमच्या कार्डात विमान आहे म्हणे.’

‘आहे.’

‘मी कोले करायला आले आहे.’

आता तुला काय सांगू. ‘कोले’ शब्द तोंडातून निघाला की मागून झालं, मग आपल्यात नाही म्हणता येतं का? अंगावरचं लुगडं मागितलं तरी द्यावं लागतं. मी दिलं. मुलगा गेला, मूठमातीला पोचला. लावेंगाने आपल्या रीतीने माझे हात हुंगले.

पण तू घाबरू नकोस, मी काही वेडी नाही. त्याच आठवड्यात चर्चच्या हॉलचं छप्पर ठरलं. पत्र्यांचे चौदा हजार डॉलर सगळ्यांनी रोख जमवले होते. मी सभेत उठून म्हटलं, ‘रोख मला द्या, दुकानात माझं कार्ड ओढते.’ वीस तारखेला मिल्ड्युराच्या दुकानात जाऊन मी पत्र्यांची नोंद करून आलेसुद्धा. आणि बँकेची चिठ्ठी आहे घरात, वाचून घेतली आहे: ह्या तीन महिन्यांत दुप्पट पॉइंट. चौदा दुणे अठ्ठावीस! उरलेले अडीचशे, वर किराणा. झालेच की तीस. एका हाताने दिले, दुसऱ्या हाताने आले.

लोसालिने म्हणते, ‘आजी, ते आले नाहीत अजून.’ मी म्हटलं, ‘गप गं. मिसिनालेला काय होतं?’ वर्षाच्या दानाच्या दिवशी पाकीट ताटात पडलं की तिथल्या तिथे नाव नि आकडा पुकारतात की नाही? बँक काय चर्चपेक्षा आळशी असणार?

वाइसिमा म्हणाली, ‘आई, रोखीने तिकीट काढू. सोळाशे लागतील. ह्यांची पाठ धरली आहे, त्यांना काम नाही, पण चर्चमध्ये सांगते, लोक देतील.’ मी तिला गप्प केलं. पुढच्या महिन्यात फुकट मिळणाऱ्या गोष्टीसाठी कोण हात पसरतं?

तू फोटो काढून घेतलास का?

सेलुवाया

~

हानो, १३ सप्टेंबर

सेलूताई,

बरं केलंस. शोकाचं घर आधी. मी तुझ्या जागी असते तर मीही दिलं असतं, फक्त चपला मागून घेतल्या असत्या.

माझी तब्येत चांगली आहे. थोडी वाळले आहे, त्याने गुडघ्यांना आराम पडतो. डोळ्यांना धुरकट दिसतं म्हणून कालो लिहून घेते आहे, अक्षर बघून दचकू नकोस. आतला फोटो झाला, त्यात विशेष काही नाही. कोंबड्या अंडी देत आहेत.

सवडीने ये. तुझे पॉइंट जमा होतील तेव्हा ये. मी कुठे जाते?

पिसिला

~

हानो, १४ सप्टेंबर

मोठी आई,

काल आईने सांगितलं तसं लिहिलं, ते पाकीट पाद्री स्वतः घेऊन गेले. हे मी वेगळं लिहिते आहे, आईला ठाऊक नाही. हे मासळीच्या बोटीवाल्याकडे देते आहे, तो पांगाईला टपालात टाकेल म्हणतो.

फोटोत सगळं पसरलेलं दिसलं. राजधानीच्या डॉक्टरांनी कापायला नको म्हणून सांगितलं. नाताळ धरू नका म्हणाले. ती आता पिठाच्या पेजेवर आहे आणि तीही राहत नाही. दिवसातून दोन-तीनदा विचारते, ‘सेलूचं विमान कधीचं?’ आणि मी लिहू का म्हटलं की हात धरते.

मोठी आई, पॉइंट जाऊ देत. कसंही करून या.

कालोलाइने

~

रॉबिनव्हेल, ४ ऑक्टोबर

पिसे,

तुझं पत्र पोचलं. आधी भांडते. डोळ्यांना काय झालं? तिथल्या नर्सकडे थेंब नाहीत का? कालोचं अक्षर सुरेख आहे, पण मला तुझं वाकडंच हवं. दोन ओळी तरी तू लिहायच्यास.

मी शहाणी झाले म्हणून सांगते, कारण फार वेळ मूर्ख होते. सप्टेंबरचा बँकेचा कागद आला, आणि त्यात पॉइंट किती? सहाशे नव्वद! मी लोसालिनेला म्हटलं, चष्मा लावून वाच. तिला चष्माच नाही. मग तिने बँकेला फोन लावून दिला. तासभर नुसतं संगीत. माझं इंग्रजी तुला ठाऊक आहे, द्राक्षं आणि गाजरं एवढंच. पण मी बोलले.

‘बाई, मी ऑगस्टात पत्रे घेतले.’

‘तुम्ही ऑगस्टात फक्त सांगितलेत. दुकानाने पत्रे गोदामातून काढले तेव्हा पैसे घेतले. आमच्याकडे ती नोंद वीस सप्टेंबरला चढली.’

‘मग वीस सप्टेंबरला द्यायचे होते पॉइंट.’

‘तुमचा महिना सतराला मिटतो. तीन दिवसांनी हुकलं. ते आता सतरा ऑक्टोबरला जमा होतील.’

‘सगळे अठ्ठावीस?’

‘चौदा. वरचे चौदा बक्षिसाचे, ते त्यानंतर आठ आठवड्यांनी.’

मी म्हटलं, माझी बहीण आजारी आहे. ती म्हणाली, ऐकून वाईट वाटलं, आणखी काही मदत करू का? पिसे, ती खरंच गोड बोलत होती. तिच्यावर ओरडावं असं तिच्यात काही नव्हतं.

मग लोसालिनेने ती बारीक अक्षरांची पुस्तिका वाचून दाखवली. सगळं लिहिलेलं होतं, पहिल्या दिवसापासून. मी मिसिनाले समजत होते आणि हे आपलं सालीचं कापड निघालं. साल कुटली म्हणजे कापड झालं का? कुटा, वाळवा, खळीने चिकटवा, रंगवा, आणि दुमडून ठेवल्यावरच कुणी मोजतं. तोवर तो नुसता झाडपाला. ओढलं तो दिवस वेगळा, बँकेत चढलं तो वेगळा, महिना मिटला तो वेगळा, आणि बक्षीस अजून वेगळं. आणि माझ्यासारखी बाई पहिल्याच दिवशी पॉइंट वाटत सुटली.

वाइसिमा पुन्हा म्हणाली, चर्चमध्ये मागू. मी म्हटलं, पिसिलाने स्वतः लिहिलं आहे की विशेष काही नाही, सवडीने ये. तिने मला बघून तोंड फिरवलं. आजकालच्या मुलींना कळत नाही की मागितलेलं आयुष्यभर फेडावं लागतं.

तर डिसेंबरात सगळे जमा होतात, जानेवारीत मी तुझ्या दारात. तुझी ती गोष्ट राखून ठेव. चपला घेतल्या आहेत, लाल.

सेलुवाया

~

हानो, २५ ऑक्टोबर

मोठी आई,

फोनवर मला नीट बोलता आलं नाही, म्हणून लिहिते.

आई शनिवारी सोळा तारखेला सकाळी गेली. वाऱ्याने तार तुटून इथला फोन आठ दिवस बंद होता. पांगाईच्या बोटीने निरोप पाठवायचा तर समुद्र उसळलेला. रविवारी आपल्याकडे काही करता येत नाही, म्हणून सोमवारी पुरलं. थडग्यावर पांढरी वाळू घालून मी परत येत होते तर पाद्रींची बायको दारात उभी राहून हाका मारायला लागली, फोन सुरू झाला, पहिलाच वाजला तो तुमचा.

तुम्ही हसत होतात. म्हणालात, ‘कालो, चौदा हजार जमा झाले गं! आईला सांग, अर्धं विमान झालं!’

पाद्रींची बायको सांगते की मी आधी ‘बरं’ म्हणाले. मला आठवत नाही.

तुम्ही विचारलंत की आईने विशेष काही नाही असं का लिहिलं. मीही तिला विचारलं होतं. ती म्हणाली, ‘खरं कळलं तर सेलू माझ्यासाठी मागायला जाईल. ती देताना राणी असते, पण मागताना ती मरते. मला तिला तसं करायला लावायचं नाही.’ समोर बसून सांगायची ती गोष्ट कोणती, तेही विचारलं. म्हणाली, ती सेलूची आहे, तुला नाही.

म्हणजे ती गोष्टही गेली.

मोठी आई, मी मोठ्या माणसांशी असं बोलू नये. पण लावेंगा आली, चटईवर बसली आणि मागितलं. तिच्या सासऱ्याला तिने कधी धड जेवायलाही वाढलं नसेल, तरी मागितलं. तुम्ही का नाही मागितलंत?

मी चिठ्ठी पाठवली होती. ती तुम्हाला मिळाली का नाही हे तुम्ही सांगितलं नाहीत. मिळाली असेल तर सांगू नका.

कालोलाइने

~

रॉबिनव्हेल, १९ डिसेंबर

कालो,

तुझी चिठ्ठी नोव्हेंबरच्या अकराला आली. पाकिटावर दोन देशांचे चार शिक्के होते. ती आधी चुकून फिजीला जाऊन आली. देवाची शपथ घेऊन सांगते, आधी मिळाली नव्हती. पण मिळाली असती तरच मी मागितलं असतं, आणि तू विचारतेस त्याचं उत्तर हेच आहे. तुझी आई लिहीत नव्हती, तरी मला दिसत होतं. परक्या अक्षरातलं पत्र, नऊ ओळींचं. पिसिला कधी नऊच ओळी लिहील का? मला दिसलं आणि मी कोंबड्यांच्या अंड्यांवर विश्वास ठेवला, कारण ते स्वस्त पडत होतं.

मागणाऱ्याचं तोंड मी जन्मभर बघत आले. खाली बघणारं, घाम आलेलं. मी देणारी, म्हणून मला ते बघायला आवडायचं. हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. तसं तोंड माझं होऊ नये म्हणून मी तीन वर्षं दुकानात उभी राहून लोकांचं पीठ ओढलं.

तुझ्याशी फोनवर बोलणं झाल्यावर सगळं चर्च घरी आलं. चटया आणल्या, सालीचं कापड आणलं, डुकरं भाजली. लावेंगा दारातच खाली बसली, आत येईना. म्हणाली, ‘मावशी, तुम्ही बोलला असतात तर आम्ही एका दुपारी सोळाशे जमवले असते.’ आणि जमवले असते गं. शोकाला त्याच्या तिप्पट जमले, एका दुपारी.

परवा बँकेचा कागद आला. बक्षिसाचे चौदा हजार चढले. लोसालिनेने आकडा वाचला आणि कागद टेबलावर ठेवला. एरवी ‘आजी, झाले!’ म्हणून ओरडली असती. जावयाने उठून नळ बंद केला, तो बंदच होता.

आता मी लिहिते ते दोनदा वाच. मला तुझ्याकडे यायचं आहे. पाहुणी म्हणून नाही. पिसिलाच्या जागी मला निजू दे, मी पेज करीन, कोंबड्या बघीन, तू बोलली नाहीस तरी चालेल. मी कोले करते आहे. माझ्या आयुष्यातलं पहिलं. हे लिहिताना माझ्या बोटांना घाम आला आहे, कागदावर डाग दिसेल.

आपल्यात मागितल्यावर नाही म्हणत नाहीत. तू म्हण. तुला तेवढा हक्क मी देते, कारण मला कुणी तो कधी दिला नाही आणि मी कुणाला दिला नाही.

सोळा जानेवारीचं विमान आहे. तुझं उत्तर नाही आलं, किंवा नाही म्हणून आलं, तरी मी पांगाईपर्यंत येईन. पांगाईला लागून असलेल्या फोआ बेटाच्या उत्तरेच्या टोकावरून तुमचं बेट दिसतं. दिवसभर तिथे बसेन, संध्याकाळी परत फिरेन.

तुझी,
सेलुवाया